बाईंच्या एकोणीस चिजा

सिडको, छत्रपती संभाजीनगर
१२ जून २०२५

प्रेरणा,

वर 'चिरंजीव' लिहिलं होतं, मग खोडलं. सहा वर्षं जी मुलगी बोलत नाही तिला बापानं पहिल्याच ओळीत आशीर्वाद द्यायला धावू नये, एवढं मलाही कळतं. कागदावर लिहितोय, कारण माझा नंबर तू बंद करून ठेवला आहेस आणि मेल लिहायला बसलो की माझ्या हातून निर्मात्यांना लिहितात तसलंच काहीतरी गोडगोड उतरतं.

तुझा चार ओळींचा मेल मिळाला. नमस्कार नाही, खाली नाव नाही. 'बाईंच्या आजारपणाचं आईकडून कळलं. त्यांच्या एकोणीस चिजांपैकी मला सातच पूर्ण येतात. उरलेल्या बारांच्या नुसत्या सुरुवातीच्या अस्ताया येतात, पुढचे अंतरे हरवले आहेत. शूटिंगचं मूळ फुटेज हवंय, फिल्म नको.' माझ्या फिल्मबद्दलचे शेवटचे दोन शब्द लागले. पण ठीक आहे.

फुटेज आहे. भावसिंगपुऱ्यातल्या त्या खोलीत गाणं शिकवणाऱ्या बाई, समोर तू, आणि कोपऱ्यात कॅमेरा लावून मी, अशी सहा वर्षं चौदा हार्ड डिस्कमध्ये भरून माझ्या कपाटात आहेत. त्यातल्या काही चालू होत नाहीत, म्हणून औरंगपुऱ्यातल्या एका दुरुस्तीवाल्याकडे टाकल्यात. तो बोलतो फार, पण हात चांगला आहे. म्हणाला, "साब, सबर करो. डाटा कहीं नै जाता." तेच मी तुला सांगतो.

बाई तशा ठीक आहेत. एप्रिलमध्ये उजवी बाजू गेली आणि बोलणं गेलं. त्यांची धाकटी बहीण कडूबाई सगळं करते, आणि ती स्वतः ऐंशीच्या जवळ आली तरी पाण्याचा टँकर आला की पहिला हंडा तिचाच असतो. मला बघितलं की म्हणते, "दादा, पोरीचा फोन नंबर तर द्या." देईन. तिला फोनवर धड ऐकू येत नाही, पण देईन.

घाईनं रजा टाकून येऊ नकोस. विमा कंपनीत रजा कशी मिळते ते तुझ्या आईकडून कळतं. म्हणजे ती मला सांगत नाही. तुझा फोन आला की ती गॅलरीत जाऊन दार लावून घेते, पण खिडकी उघडी राहते. दिवाळीत ये. तोवर सगळं एका जागी लावून ठेवतो.

बाबा


४ जुलै २०२५

प्रेरणा,

आईकरवी तुझा निरोप मिळाला, की ज्या डिस्क चालतात त्या आधी कुरिअरनं पाठवा. अगं, ते इतकं सोपं नसतं. चित्र एकीकडे, आवाज दुसरीकडे, एकेका दिवसाचं काम तीन-तीन डिस्कवर पसरलेलं. जुळवाजुळव मलाच करावी लागेल. काल औरंगपुऱ्यात गेलो होतो. गाडी लावायला जागा मिळेना. अर्धा तास त्याच बोळातून घिरट्या घातल्या आणि परत आलो.

तू आईला म्हणालीस म्हणे, 'बाबांना अजून वाटतं की त्यांनी बाईंवर उपकार केलेत.' हो, वाटतं! रत्नमालाबाई वाहूळ हे नाव या शहरात किती जणांना ठाऊक होतं? दुपारी नगरपालिकेच्या शाळेत झाडू मारायचा आणि पहाटे खाँसाहेबांच्या दारात तालीम घ्यायची, असं करून त्या शिकल्या. खाँसाहेबांनी त्या एकोणीस चिजा आपल्या मुलांना दिल्या नाहीत, यांना दिल्या. आणि यांनी त्या कुणाला द्याव्यात, तर कुणी घ्यायलाच नाही. बाकीचे यायचे ते रेडिओच्या परीक्षेपुरते. म्हणून तुला नेलं. चौदा वर्षांची होतीस. हाताला शिष्येचा गंडा बांधताना तुझ्या चेहऱ्यावर जे होतं ते मी पहिल्याच दिवशी टिपलं, आणि दिल्लीच्या महोत्सवात पहिलं बक्षीस मिळालं ते त्या शॉटमुळे. शेवटी गाणाऱ्या म्हातारीची गोष्ट कुणीही सांगतं. मला गुरू आणि शेवटची शिष्या हवी होती.

हे लिहून झाल्यावर वाचलं. 'मला हवी होती.' असू दे, खोडत नाही.

नळाच्या प्रसंगावर तू फिल्म झाल्यापासून माझ्याशी एक अक्षर बोलली नाहीस, म्हणून मीच बोलतो. बाई चिडून म्हणाल्या होत्या, "तुझा गळा म्हंजी सरकारी नळ. पानी कवा यील, भरवसाच न्हाय." तू रडलीस. घरी आल्यावर म्हणालीस, 'बाबा, हे फिल्ममध्ये घालू नका.' मी बरं म्हणालो. मग एडिटिंगला बसल्यावर दिसलं, की सबंध फिल्ममध्ये तेवढ्या एकाच प्रसंगात बाई हाडामांसाच्या वाटत होत्या, बाकी सगळी भक्ती. ठेवलं. पुण्यात पहिल्या खेळाला चारशे माणसं त्या वाक्याला हसली आणि तू माझ्या शेजारच्या खुर्चीत होतीस. लोक वाईट नव्हते गं. आठ दिवसांनी नळाला पाणी येणाऱ्या गावातल्या बाईचा विनोद त्यांना आवडला. मलाही त्या क्षणी बरं वाटलं, की चला, जमलं. तुझ्याकडे बघायचं मला सुचलं नाही. दिवे लागले तेव्हा खुर्ची रिकामी होती.

तेव्हापासून तू गायली नाहीस, असं तुझी आई सांगते. आता पुन्हा त्या चिजा मागते आहेस, म्हणजे काहीतरी हललं असणार. मला आनंद झाला. तो दाखवायचा माझा हक्क नाही, तरी झाला.

बाबा


५ ऑगस्ट २०२५

प्रेरणा,

पंधरा ऑगस्टला जोडून सुट्ट्या आहेत, येऊन जाऊ का, असं तू आईला विचारलंस. कशाला? भोपाळहून एवढी दगदग करून दोन दिवसांसाठी यायचं आणि बाईंच्या उशाशी बसून रडायचं. त्या बोलत नाहीत. सकाळी कधीमधी तोंडातल्या तोंडात काही चालतं, पण गाणं म्हणावं असं ते नाही. डॉक्टर म्हणतात, या आजारात होतं असं.

फुटेजचं काम चालू आहे. पाच डिस्क उघडल्या. दिवाळीला तुझ्या हातात एकोणीसच्या एकोणीस चिजा देतो. रजा तेव्हासाठी राखून ठेव.

कडूबाईला तुझा नंबर द्यायचा राहिलाच. पुढच्या खेपेला देतो.

बाबा


९ सप्टेंबर २०२५

प्रेरणा,

आईनं काल तुला फोनवर फक्त 'निघून ये' सांगितलं. का, ते तिलाही ठाऊक नाही. ते मलाच लिहायला हवं. हे पत्र टपालानं तू निघण्याआधी पोचणार नाही, म्हणून आईच्या हातात पाकीट देतो आहे. तू उतरलीस की ती देईल.

शनिवारी बाईंना दुसरा झटका आला. आता घशातून आवाज येत नाही. डावा हात तेवढा चालतो.

फुटेज नाही. एकही डिस्क नाही. औरंगपुऱ्यात दुरुस्तीवाला आहे, पण मी त्याच्याकडे गेलो होतो तो तुझा मेल आल्यावर, पुसलेल्या डिस्कमधून काही निघतं का विचारायला. 'सबर करो' वगैरे तो काही बोलला नव्हता. त्यानं विचारलं, "इसके उपर दुबारा शूटिंग किया क्या?" मी हो म्हणालो. त्यानं डिस्क परत माझ्या हातात ठेवली.

दुसऱ्या वर्षीच्या लॉकडाऊनमध्ये माझ्याकडे काही काम नव्हतं. चिकलठाण्याच्या एका कारखान्याची फिल्म मिळाली, औषधाच्या बाटल्या पट्ट्यावरून सरकतात ती. नव्या डिस्क कुठं मिळत नव्हत्या. मी विचार केला, फिल्म तर झाली, बक्षीस मिळालं, आता हा चारशे तासांचा पसारा कोण बघणार? आमच्या धंद्यात हे सगळेच करतात. एका दुपारी चहा पीत पीत चौदाच्या चौदा पुसल्या. जड वाटलं असं खोटं लिहिणार नाही. कपाटात जागा झाली म्हणून बरं वाटलं होतं.

फिल्म तू नको म्हणालीस ते बरोबरच होतं. तिच्यात एकोणीस चिजा आहेत आणि एकीचाही अंतरा नाही. बाई पंचाहत्तरीच्या होत्या. अस्ताई खालच्या सुरांत असायची, तिथं त्यांचा आवाज मधासारखा यायचा. अंतऱ्याला वर चढल्या की वरच्या षड्जावर तो फाटायचा. मला फाटलेला आवाज नको होता. लोक म्हणाले असते, म्हातारीचं आता संपलं. म्हणून दर खेपेला अस्ताई झाली की मी फर्दापूरचे डोंगर दाखवले. ढग, दरी, एक गुराखी. बाई तुला म्हणायच्या, "अस्ताई म्हंजी दार गं पोरी, अंतरा म्हंजी घर." मी एकोणीस दारं दाखवली आणि घरं पाडून टाकली.

आणखी एक गोष्ट त्या डिस्कमध्ये होती. नळाचं बोलून झाल्यावर तू रडत होतीस, तेव्हा बाई सरकत पुढे आल्या, पदरानं तुझं तोंड पुसलं आणि म्हणाल्या, "मलाबी खाँसाब असंच बोलले व्हते. त्या दिवशीच अंतरा दिला. घे." आणि तुला अंतरा दिला. तुला हे आठवतच असेल. चारशे माणसांना हे दिसलं असतं तर ती हसली नसती, निदान पुढं गप्प तरी झाली असती. मी ते कापलं, कारण हसू ओसरायच्या आत पुढचा प्रसंग यायला हवा होता.

एवढ्यावर संपत नाही. इथून पुढचं लिहायला मला अख्खी रात्र लागली.

पहिल्या झटक्यानंतर बाईंना पाणी हा शब्द म्हणता येत नव्हता, पण गाता येत होतं. एप्रिलपासून, रोज सकाळी. पहिल्यांदा कडूबाईनंच मला सांगितलं, "सबूद निघंना दादा, पर गानं निघतंय. नवल हाय का न्हाय?" मी जाऊन बघितलं. भिंतीला टेकून बसवलं की बाई डोळे मिटून अस्ताई गायच्या, शब्दांसकट, स्वच्छ. अस्ताई झाली की थांबायच्या आणि दाराकडे बघायच्या. बराच वेळ बघायच्या. मग दुसरी अस्ताई घ्यायच्या. एक दिवस मी रेकॉर्डर घेऊन गेलो. समोर बसलो, म्हटलं, बाई, अंतरा घ्या. त्यांनी माझ्या मनगटाकडे बघितलं आणि ओठ मिटून घेतले. कडूबाई हसली. "तुमी गंडा बांधलाय का, दादा? गंडेबंद शागीर्द म्होरं बसल्याबिगर ती अंतरा न्हाय घ्यायची. खाँसाबाची तशी शपथ हाय तिला. पोरीला बोलवा की. तिचीच वाट बगतिया."

हे मे महिन्यातलं. त्यानंतर तुझा मेल आला. 'बाई गातात, ताबडतोब ये' एवढं एक वाक्य मी लिहायला हवं होतं. ते लिहिलं असतं तर तू विचारलं असतंस, फुटेज असताना एवढी घाई का? आणि मग डिस्कचं सांगावं लागलं असतं. म्हणून तुला दिवाळी सांगितली. पंधरा ऑगस्टला तू येणार होतीस तेही मी मोडलं. त्या दिवशी सकाळी मी त्यांच्याकडे होतो. त्यांनी सहा अस्ताया म्हटल्या. दर वेळी दाराकडे बघितलं.

अजून आशा होती मला, खोटं बोलत नाही. वाटायचं, बाई दिवाळीपर्यंत टिकतील, तू येशील, समोर बसशील, आणि फुटेजची गरजच उरणार नाही. माझं पुसणं कुणाला कळणारही नाही. तुला आणि त्यांना, दोघींना मी त्या भरवशावर थांबवून ठेवलं.

क्षमा मागत नाही. मागितली तर ती द्यायची की नाही हेही तुझ्याच डोक्यावर बसेल.

बाबा


५ ऑक्टोबर २०२५

प्रेरणा,

हे पत्र तू उघडणार नाहीस असं आई म्हणते. तिनं आता माझ्याशी बोलणं कामापुरतंच ठेवलं आहे. भाजी काय आणू, गॅस संपला, एवढंच. हे पाकीट ती टपालात टाकेल, तेही नुसता पत्ता बघून.

तू सहा दिवस होतीस. आमच्याकडे उतरली नाहीस, कडूबाईकडेच राहिलीस, ते योग्यच केलंस. पण मी रोज सकाळी येत होतो. तुला ठाऊक नाही. शेजारच्या घराचा ओटा आहे, त्यावर बसलं की बाईंच्या खोलीची खिडकी समोर येते. कडूबाईनं मला पहिल्याच दिवशी बघितलं. दुसऱ्या दिवशी चहा आणून दिला आणि म्हणाली, "आत यायचं न्हाय, तर निदान उनात तरी बसू नका." माझ्या अंगात कॅमेऱ्याची खोड इतकी मुरली आहे, की डोळ्यांनीच फ्रेम लावत होतो. कॅमेरा मात्र आणला नव्हता. एवढं एक मानून घे.

सहा वर्षांनी तुझं गाणं ऐकलं. आवाज जाड झालाय, खोल झालाय. सरकारी नळ कुठंच राहिला नाही त्यात. मी ओट्यावर बसून रडलो, आणि हे तुला सांगायचंच होतं.

मग तुझी ती पद्धत माझ्या लक्षात आली. तू अस्ताई म्हणायचीस आणि बाई डाव्या हातानं मांडीवर ताल धरायच्या. तू तुला आठवेल तसा अंतरा म्हणायचीस. बरोबर असेल तोवर हात चालायचा, आणि चुकलीस की थांबायचा. सात चिजांना शेवटपर्यंत चालला. आठवीला थांबला. तू दुसरी वाट घेऊन बघितलीस, तिसरी घेतलीस. हात थांबलेलाच. बाईंच्या डोळ्यांतून पाणी येत होतं आणि ओठ हलत होते. त्यांना येत होतं गं. पुढची जागा त्यांच्या ओठांपर्यंत आली होती आणि आवाजच नव्हता. त्यांचं तोंड दोन्ही हातांत धरून तू विचारत होतीस, "बाई, इथून वर का? वर जायचं? खाली?" असं बारा वेळा, बारा चिजांना. सहाव्या दिवशी तू वही मिटलीस आणि बाईंच्या पायावर डोकं ठेवून बसून राहिलीस.

तू गेलीस आणि आठव्या दिवशी बाई गेल्या. पुण्यानुमोदनाला तू आली नाहीस. रजा संपली असेल, किंवा मी तिथं असणार म्हणून. वस्तीतली सगळी माणसं होती. त्रिशरण झालं, कुणीतरी चार शब्द बोललं. कडूबाई मला म्हणाली, "गानं काय हिच्यासंगं जळलं न्हाय दादा, त्ये आदीच गेलं व्हतं." तिनं सहज म्हटलं. मला म्हणून बोलली नव्हती. तिला डिस्कचं काहीच माहीत नाही.

आता जे लिहितो त्यासाठी हे पत्र आहे.

तुझी ती चौदावी चीज, ललत रागातली. पाचव्या दिवशी तू तिच्या अंतऱ्यात चार वेळा अडकलीस. पहिली ओळ बरोबर होती, दुसऱ्या ओळीच्या सुरुवातीला हात थांबत होता. प्रेरणा, ती ओळ मला येत होती. मला गाता येत नाही, तुला ठाऊक आहे, वाढदिवसाचं गाणंसुद्धा मी नुसते ओठ हलवून म्हणतो. पण तो एक अंतरा फिल्ममध्ये ठेवावा की कापावा याचा निर्णय मला महिनाभर होत नव्हता. दोनशे वेळा ऐकला असेल. खिडकीतून तुझी चूक ऐकू आली आणि माझ्या डोक्यात बाईंच्या आवाजात पुढची ओळ वाजली. वर जायचं नव्हतंच. तू वर जात होतीस. खाली येऊन मग वळायचं होतं.

मी ओट्यावरून उठलो. चपला काढल्या. दारापर्यंत पाच पावलं असतील. आत जाऊन वेड्यावाकड्या आवाजात का होईना, ती ओळ म्हणायची, एवढंच काम होतं. चूक असती तर बाईंचा हात थांबला असता. बरोबर असती तर चालला असता, आणि बारातला एक अंतरा तुला मिळाला असता. पण मी आत आलो असतो तर तू माझ्याकडे बघितलं असतंस. ते पत्र वाचल्यानंतर तुझी माझी गाठ पडली नव्हती. मी चपला हातात घेऊन उभा राहिलो. तू पाचव्यांदा अस्ताई सुरू केलीस. मी चपला घातल्या आणि गल्लीच्या तोंडाशी येऊन रिक्षाला हात केला. सहाव्या दिवशी पुन्हा आलो. पुन्हा ओट्यावरच बसलो.

काल दार लावून मी ती ओळ फोनमध्ये म्हणून बघितली. तुला पाठवावी असं वाटलं. दुसऱ्यांदा म्हटली तर जरा वेगळी आली. तिसऱ्यांदा आणखी वेगळी. आज सकाळपर्यंत तीसेक वेळा म्हटली असेल आणि आता त्यातली बाईंची कोणती आणि माझी कोणती, हे मला सांगता येत नाही. बरोबर-चूक सांगणारं कुणी राहिलं नाही. आज तर ती पुरती आठवतही नाहीये.

बाबा